पाव फिंजान गहवा : अमिरातीतील कॉफी समजून घेताना

संयुक्त अरब अमिरातीच्या एक दिरहमच्या नाण्यावर 1973 पासून एक भांडे कोरलेले आहे. गोलसर पोट, निमुळती मान, टोकदार झाकण आणि पक्ष्याच्या चोचीसारखी पुढे वाकलेली लांब तोटी असलेल्या या भांड्याला दल्ला म्हणतात आणि त्यातून कॉफी ओततात. हा देश 2 डिसेंबर 1971 रोजी स्थापन झाला, त्याचे स्वतःचे चलन मे 1973 मध्ये आले आणि त्या पहिल्याच मालिकेतील रोजच्या वापराच्या नाण्यावर कॉफीच्या भांड्याला जागा मिळाली. याच देशातील दुबई शहरातल्या ज्युलिथ या कॉफीगृहाने 2025 साली पनामातील एका लिलावात 20 किलो कॉफीसाठी किलोमागे 30,204 अमेरिकी डॉलर मोजले. नाण्यावरच्या दल्ल्यातली कॉफी पाहुण्याला फुकट मिळते, तर लिलावातल्या कॉफीचा एक कप विकत घेण्यापूर्वी श्रीमंत माणूसही विचार करील. एकाच वाळवंटी देशात, जिथे व्यापारी प्रमाणावर कॉफीचे पीकच येत नाही, या दोन्ही गोष्टी शेजारी शेजारी कशा नांदतात, हे समजून घ्यायचे असेल तर आधी जुनी कॉफी नीट समजून घ्यावी लागते.

गहवा कसा तयार होतो

प्रमाण अरबीतला 'कहवा' हा शब्द आखाताच्या बोलीत 'गहवा' असा उच्चारला जातो. हे पेय पहिल्यांदा पाहणाऱ्याला ती कॉफी वाटतच नाही, कारण तिचा रंग काळा किंवा तपकिरी नसून पिवळसर सोनेरी असतो, पोत चहासारखा पातळ असतो आणि पहिला वास वेलदोड्याचा येतो. दूध नसते, साखरही नसते. सोबत खजूर असतो आणि गोडवा त्याच्यापुरता ठेवलेला असतो.

या रंगाचे कारण भाजणीत आहे. कच्ची कॉफीची बी हिरवट आणि टणक असते. ती तापू लागली की आधी तिच्यातील पाणी निघून जाते, मग ती पिवळी आणि नंतर बदामी होते. साधारण 196 ते 200 अंश सेल्सिअसच्या आसपास आतल्या वाफेच्या दाबाने तडतडून ती फुगते. याला भाजणारे पहिली तडतड म्हणतात. त्यानंतरही भाजत राहिले तर बी गडद होते, तिच्यातील आम्ले मोडतात, कडवटपणा आणि जळका खरपूसपणा वाढतो आणि शेवटी पृष्ठभागावर तेल सुटते. इटालियन पद्धतीच्या गडद कॉफीची चव या शेवटच्या टप्प्यातून येते. गहव्यासाठीची बी त्याच्या कितीतरी आधी उतरवतात. सौदी अरेबियाच्या नज्द भागात ती इतकी फिकी भाजतात की जवळजवळ पिवळीच राहते. अमिरातीत साधारणपणे त्याहून एक छटा गडद भाजण्याकडे कल असतो, आणि प्रत्येक घर आपलीच छटा बरोबर असे मानते.

पारंपरिक रीतीत ही भाजणी पाहुण्यांच्या समोर, विस्तवावर ठेवलेल्या उथळ लोखंडी भांड्यात होते. या भांड्याला अमिरातीत 'तावा' म्हणतात आणि मराठी वाचकाला या शब्दाचा अर्थ वेगळा सांगण्याची गरज नाही. लांब दांड्याच्या पळीने बिया सतत हलवत राहायचे असते, कारण उघड्या विस्तवावर एक बाजू करपायला काही क्षण पुरतात. भाजलेल्या बिया निवल्या की त्या पितळी किंवा तांब्याच्या खलबत्त्यात कुटतात. या खलबत्त्याला मिनहाझ म्हणतात. बत्ता खलाच्या तळावर आणि कडेवर आपटून एक ठेका धरला जातो आणि त्याचा नाद वाळवंटातील तंबूंमध्ये दूरवर जात असे. ज्याच्या कानावर तो पडेल त्याला आपोआप निमंत्रण मिळाले, असे समजले जाई. पूड जाडसर ठेवतात, कारण पुढे ती बराच वेळ उकळायची असते.

उकळण्यासाठी एक नव्हे, तीन दल्ले लागतात. सर्वांत मोठा खमरा विस्तवाच्या कडेला असतो आणि त्यात गरम पाणी किंवा आधीच्या गहव्याचा साका साठवलेला असतो. मधल्या तल्कीम्यात नवी पूड घालून कॉफी शिजते. सर्वांत लहान मझल्ला हा वाढण्याचा दल्ला असतो. गाळ तळाशी बसू देऊन वरची निवळ कॉफी त्यात ओततात आणि तोटीत खजुराच्या झाडाचे तंतू बसवून उरलासुरला चोथा अडवतात. कुटलेला वेलदोडा शेवटी शेवटी घालतात. त्याचा सुगंध उडून जाणाऱ्या तेलात असतो आणि सुरुवातीपासून उकळला तर तो वाफेबरोबर निघून जातो, हे त्यामागचे साधे कारण आहे. केशर, एखादी लवंग, गुलाबपाण्याचे थेंब हे घराघरांनुसार बदलते.

येथे एक शंका साहजिक आहे. कॉफी जास्त उकळली की कडू होते हा आपला अनुभव आहे. मग गहवा पंधरावीस मिनिटे विस्तवावर राहूनही सौम्य कसा लागतो? गडद भाजलेली बी ठिसूळ आणि सच्छिद्र असते, तिच्यातील कडवट पदार्थ पाण्यात झपाट्याने उतरतात. फिकी भाजलेली बी घट्ट राहते आणि तिच्यात ते कडवट पदार्थ मुळात कमी तयार झालेले असतात, शिवाय जाड दळणामुळे पाण्याला आत शिरायला वेळ लागतो. अशा बीला लांबचे उकळणे केवळ सोसते असे नव्हे, तर ते तिला लागतेच. भाजणी, कूट आणि उकळ ही तिन्ही एकमेकांना धरून आहेत. यातील एक बदलून बाकीची तशीच ठेवली तर गहवा बिघडतो, आणि पुढे नव्या कॉफीगृहांची गोष्ट येईल तेव्हा ही साखळी पुन्हा उपयोगी पडेल.

पाव फिंजान का

गहवा पिण्याचा कप म्हणजे फिंजान. त्याला कान नसतो आणि तो ओंजळीतल्या लिंबाएवढा लहान असतो. तो केवळ पाव भाग भरतात. पहिल्यांदा आखातात गेलेल्या माणसाला हा यजमानाचा हात आखडता वाटतो आणि इथेच सर्वांत मोठा गैरसमज होतो. पाव फिंजान भरलेले असले की कॉफी गरम असतानाच संपते, बोटांना चटका बसत नाही आणि यजमानाला पुन्हा पुन्हा येऊन ओतावे लागते. अशा प्रकारे पाहुण्याकडे लक्ष असल्याचे सतत दिसत राहते. उलट काठोकाठ भरलेले फिंजान हातात आले तर त्याचा अर्थ 'हे पी आणि नीघ' असा होतो.

वाढणाऱ्याला मुकह्वी म्हणतात. तो उभा राहतो, दल्ला डाव्या हातात धरतो आणि उजव्या हातात एकात एक रचलेली फिंजाने ठेवतो. मजलिसीत, म्हणजे पाहुण्यांच्या बैठकीत, सर्वांत मानाच्या किंवा वयाने मोठ्या पाहुण्याला पहिले फिंजान जाते. घेणाऱ्यानेही उजव्याच हाताने घ्यायचे असते. किमान एक फिंजान घ्यावे आणि तीनपेक्षा जास्त घेऊ नये, असा सर्वसाधारण संकेत आहे. बेदुइन म्हणजे वाळवंटातील भटक्या अरब जमाती. त्यांच्या जुन्या रीतीत या फिंजानांना यमकात नावे आहेत. पहिले यजमान स्वतः चाखतो ते हैफ, म्हणजे पेय निर्धोक असल्याची खात्री. मग पाहुण्याचे दैफ, नंतर आनंदाचे कैफ आणि शेवटचे सैफ, म्हणजे तलवार. ते घेणारा संकटकाळी यजमानाच्या बाजूने उभा राहील, असे मानले जाई. दैफपासून सैफपर्यंतचा हा प्रवास पाहिला की पाहुणचार आणि सुरक्षा या गोष्टी वाळवंटात वेगळ्या नव्हत्या हे कळते. पाण्यासाठी आणि निवाऱ्यासाठी अनोळखी माणसाच्या तंबूवर अवलंबून राहावे लागे, त्यामुळे कोण मित्र आहे हे ठरवण्याची सर्वांना कळणारी एक रीत आवश्यक होती आणि कॉफीने ती पुरवली.

पाहुण्यालाही या रीतीत बोलण्याची सोय आहे. काही मागणे घेऊन आलेला माणूस फिंजान स्वीकारतो, पण न पिता समोर ठेवतो. यजमानाने ते पाहिले की काय हवे ते विचारायचे असते, आणि मागणे मान्य झाले की मगच कॉफी प्यायली जाते. जमातींमधील भांडणे आणि सोयरिकीची बोलणी या एका न प्यायलेल्या फिंजानाभोवती घडलेली आहेत. पुरे झाले हे सांगायला मात्र शब्दाची गरज पडत नाही, मनगटाने फिंजान हलकेच दोनतीनदा हलवून ते मुकह्वीच्या हातात परत द्यायचे. ते न हलवता दिले तर तो पुन्हा भरणार.

कॉफीबरोबर खजूर, फळे आणि गोडधोड मांडले जाते. या मांडणीला अमिरातीत फुआला म्हणतात. बैठक संपत आली की ऊद जाळून त्याचा धूर पाहुण्यांपुढे फिरवतात आणि 'ऊदनंतर बसणे नाही' अशी तिकडे म्हणच आहे. अत्तरगुलाब आणि पानसुपारी झाली की उठायचे, हे ज्यांनी आपल्याकडच्या जुन्या घरांत पाहिले आहे त्यांना ही भाषा परकी वाटणार नाही.

2015 साली युनेस्कोने मानवजातीच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत अरबी कॉफीचा समावेश 'औदार्याचे प्रतीक' या शब्दांत केला. हा प्रस्ताव संयुक्त अरब अमिराती, सौदी अरेबिया, ओमान आणि कतार या चार देशांनी मिळून मांडला होता. त्याच वर्षी याच चार देशांची मजलिसही त्या यादीत गेली, आणि ते योग्यच झाले, कारण बैठकीवाचून गहवा म्हणजे नुसते वेलदोड्याचे पाणी होईल. त्या नोंदीत मला सर्वांत बोलका वाटलेला तपशील असा आहे, की घरातील तरुण मुले वडीलधाऱ्यांबरोबर बाजारात जाऊन उत्तम बी कशी निवडावी हे शिकतात. हे शिक्षण पाहून आणि करून होते, त्याचा कुठे वर्ग भरत नाही.

मुंबईपासून मोखापर्यंत

गहव्यात जे काही पडते ते जवळजवळ सारे बाहेरून येत असे. कॉफीचे मूळ इथिओपियात. ती पेय म्हणून रुजली पंधराव्या शतकात येमेनमध्ये, जिथे सुफी साधक रात्रीच्या जपासाठी जागे राहायला ती पीत, आणि मोखा हे येमेनचे बंदर पुढे तिच्या व्यापाराचे केंद्र बनले. वेलदोडा मलबारच्या डोंगरांतून येई. ज्या किनाऱ्यावर आज अमिराती आहे तो किनारा मोत्यांच्या आणि धान्यमसाल्यांच्या व्यापाराने मुंबईशी इतका घट्ट बांधलेला होता की तिथे भारतीय रुपयाच चालत असे. 1959 मध्ये रिझर्व्ह बँकेने त्या भागासाठी वेगळा 'आखाती रुपया' काढला आणि तो 1966 पर्यंत वापरात राहिला. म्हणजे दल्ल्याचे चित्र असलेले नाणे येण्याच्या अवघ्या सात वर्षे आधीपर्यंत अबुधाबी आणि दुबईतला वाणी आपल्याच रिझर्व्ह बँकेच्या नोटा मोजत होता. उलट दिशेने गेलेली गोष्ट आपल्याला अधिक परिचयाची आहे. बाबा बुदन यांनी सतराव्या शतकात मोख्याहून सात बिया लपवून आणल्या आणि चिकमगळूरच्या डोंगरात लावल्या, अशी परंपरागत कथा आहे आणि ते डोंगर आजही त्यांच्याच नावाने ओळखले जातात.

भारताने अमिरातीला आणखी एक पेय दिले आणि तिथल्या कॉफीचा विचार करताना ते विसरून चालत नाही. 'करक' नावाचा दुधाळ, वेलची घातलेला, आटवलेला चहा तिथल्या रस्तोरस्तीच्या छोट्या उपाहारगृहांत मिळतो आणि तो अमिराती तरुणांचेही लाडके पेय झाला आहे. करक म्हणजे आपला 'कडक'. गहवा घरात आणि मजलिसीत, करक रस्त्यावर आणि गाडीच्या खिडकीतून, अशी साधारण वाटणी दीर्घकाळ होती. बाहेर जाऊन पैसे देऊन कॉफी पिण्याची जागा मधल्यामध्ये रिकामी होती आणि ती आधी परदेशी साखळी दुकानांनी आणि नंतर स्पेशालिटी कॉफीगृहांनी भरली.

स्पेशालिटी म्हणजे नेमके काय

हा शब्द पाट्यांवर इतका सैल वापरला जातो की त्याचा मूळ अर्थ सांगणे आवश्यक आहे. नॉर्वेत जन्मलेल्या आणि अमेरिकेत कॉफीचा व्यापार करणाऱ्या एर्ना नुट्सन यांनी 1974 मध्ये तो रूढ केला. विशिष्ट भूभागाच्या हवामानामुळे आणि मातीमुळे ज्या कॉफीला स्वतःची वेगळी चव येते तिच्यासाठी त्यांनी तो योजला होता. पुढे त्याला मोजमापाची जोड मिळाली. प्रशिक्षित चाखणारे वास, चव, आम्लता, पोत, मागे उरणारी चव अशा अंगांनी कॉफीला शंभरपैकी गुण देतात, आणि 80 किंवा अधिक गुण मिळालेली, दोषरहित बियांची कॉफी स्पेशालिटी मानली जाते. ही मोजणी सर्वांवर सारखी लागू करता यावी म्हणून सर्व नमुने एकाच पद्धतीने, भरड दळून आणि पेल्यात सरळ गरम पाणी ओतून चाखतात. अमेरिकी आणि युरोपीय संघटना 2017 मध्ये एकत्र येऊन झालेली स्पेशालिटी कॉफी असोसिएशन ही या निकषांची प्रमुख संस्था आहे.

व्यवहारात याचा अर्थ असा, की पाकिटावर देश, प्रदेश, मळा, उंची, झाडाची जात आणि फळावरची प्रक्रिया लिहिलेली असते. प्रक्रियेचा मुद्दा थोडा उलगडतो, कारण चवीतील मोठा फरक तिथे पडतो. कॉफीची बी ही चेरीसारख्या लाल फळाच्या आत असते. फळ सोलून, गर आंबवून आणि धुऊन बी वाळवली तर चव स्वच्छ आणि आंबटसर येते. येमेनमध्ये आणि इथिओपियाच्या काही भागांत पिढ्यान्‌पिढ्या चालत आले आहे त्याप्रमाणे अख्खे फळच उन्हात वाळवले तर गराचा गोडवा बीत उतरतो आणि पिकल्या फळाची, कधी मद्यासारखी चव येते. येमेनी शेतकरी ही फळे घराच्या धाब्यावर पसरतात. पाणी दुर्मीळ असल्यामुळे निघालेल्या या रीतीला आज जगभरची महागडी कॉफीगृहे मान देतात.

मग येते कॉफी गाळण्याची रीत. भाजलेल्या बीच्या वजनापैकी सुमारे 30 टक्के भाग पाण्यात विरघळू शकतो, पण सगळाच विरघळू दिला तर कडू आणि तुरट भागही येतो. म्हणून 18 ते 22 टक्के उतरावा, असा संकेत आहे. त्यासाठी लिटरला सुमारे 55 ते 60 ग्रॅम पूड, 92 ते 96 अंशांचे पाणी आणि तीनेक मिनिटांचा वेळ असे मापन असते. शंकूच्या आकाराच्या गाळणीत कागद घालून, आधी थोडेसे पाणी ओतून अर्धा मिनिट थांबतात, कारण ताज्या भाजलेल्या पुडीत अडकलेला कार्बन डायऑक्साइड बाहेर पडल्याशिवाय पाणी सारखे मुरत नाही. मग वजनकाट्यावर लक्ष ठेवून गोल धार सोडतात. एस्प्रेसो यंत्रात हेच काम सुमारे नऊ बार दाबाने पंचवीस ते तीस सेकंदांत होते.

दुबईत यात एक वेगळी अडचण आहे आणि ती पाण्याची. कपातील कॉफीचा अठ्ठ्याण्णव टक्क्यांहून अधिक भाग पाणीच असतो, आणि अमिरातीतले नळाचे पाणी मुख्यतः समुद्राचे पाणी निर्लवण करून मिळवलेले असते. पाण्यातील कॅल्शियम आणि मॅग्नेशियम पुडीतील चवीचे पदार्थ बाहेर काढायला मदत करतात. ते फार कमी असतील तर कॉफी पोकळ लागते, फार जास्त असतील तर बोथट. म्हणून तिथली चांगली कॉफीगृहे पाणी पुन्हा एकदा शुद्ध करून त्यात खनिजे मोजून मिसळतात. बीच्या किमतीची बातमी होते, पण मला हे अदृश्य काम अधिक कौतुकाचे वाटते.

दुबईची नवी कॉफीगृहे

या लाटेची सुरुवात दुबईच्या अल कूझ या गोदामांच्या भागात झाली. रॉ कॉफी कंपनी 2007 पासून ताज्या भाजलेल्या कॉफीचे काम करत आहे. त्याच भागात 2008 मध्ये अलसरकाल अ‍ॅव्हेन्यू हा कलादालनांचा परिसर सुरू झाला आणि चित्र पाहायला येणाऱ्यांसाठी कॉफीची चांगली ठिकाणे उघडत गेली; नाइटजार हे त्यांतील एक. गोदामात भाडे कमी, छत उंच, भाजण्याचे यंत्र ठेवायला जागा भरपूर, आणि यंत्र ग्राहकाच्या डोळ्यांसमोर ठेवता येते, ही कारणे साधी होती. पुढे अमिराती तरुण स्वतः या व्यवसायात उतरले. दुबई डिझाइन डिस्ट्रिक्टमधील द एस्प्रेसो लॅब हे अमिराती मालकाने उभारलेले नावाजलेले कॉफीगृह आहे. मोखा 1450 या कॉफीगृहाने नावातच येमेनचे बंदर घेतले आणि येमेनी कॉफीवर भर दिला. जुन्या अल फहिदी वस्तीत 2014 पासून एक कॉफी संग्रहालय आहे, जिथे भाजण्याची आणि दळण्याची जुनी साधने पाहता येतात.

यामागे व्यापाराची बाजूही मोठी आहे. जबल अली बंदराजवळ 2019 मध्ये दुबईच्या डीएमसीसी या व्यापार संस्थेने कॉफी केंद्र उघडले. तिथे कच्ची कॉफी नियंत्रित तापमानात साठवता, तपासता, भाजता आणि पुढे पाठवता येते. 45 अंशांच्या उन्हाळ्यात कच्ची बी साध्या गोदामात ठेवली तर तिची चव काही आठवड्यांत उतरते, त्यामुळे हे केंद्र म्हणजे शोभेची गोष्ट नव्हे. इथिओपिया, येमेन आणि भारत हे कॉफी पिकवणारे देश एका बाजूला आणि श्रीमंत खरेदीदार दुसऱ्या बाजूला, अशा मधल्या जागी दुबई बसली आहे. सोने आणि मोती यांच्या बाबतीत या शहराने जे केले तेच ते आता कॉफीच्या बाबतीत करू पाहत आहे.

पण मागणी नसती तर गोदामे रिकामी राहिली असती. मुस्लिम समाजात संध्याकाळी बसून बोलायला मद्यालय हे ठिकाण नाही, उन्हाळ्याचे चारपाच महिने उघड्यावर बसवत नाही, आणि रमझानमध्ये तर रात्रीचाच दिवस होतो. अशा शहराला उशिरापर्यंत उघडी, गार, उजळ आणि सभ्य बैठक लागते. शिवाय पारंपरिक मजलिसीत पुरुषांची आणि स्त्रियांची बैठक बहुधा वेगळी असते, तर कॉफीगृहात बहीणभाऊ, सहकारी, मैत्रिणी एका मेजावर बसू शकतात. अनेक अमिराती मुली लॅपटॉप उघडून तासन्‌तास तिथे काम करताना दिसतात. लोकसंख्येत दहापैकी जवळपास नऊ लोक परदेशी आहेत, आणि ज्यांना कोणाच्या मजलिसीचे निमंत्रण कधी येणार नाही अशा लाखो लोकांसाठी कॉफीगृह हीच बैठक ठरते. कॉफी गाळणारेही बहुतेक फिलिपिन्स, नेपाळ, भारत, इथिओपिया, केनिया अशा देशांतून आलेले असतात. इथिओपियाची कॉफी इथिओपियाच्याच मुलीच्या हातून मिळते, तेव्हा त्या पाकिटावरच्या गावाचे नाव ती कसे उच्चारते ते कान देऊन ऐकावे.

या कॉफीगृहांत सगळेच फिल्टर कॉफी, म्हणजे कागदी गाळणीतून गाळलेली बिनदुधाची कॉफी पितात, असे समजणे चूक होईल. सर्वाधिक दिसणाऱ्या पेयांत स्पॅनिश लाटे आहे, म्हणजे एस्प्रेसो, दूध आणि आटवलेले गोड दूध, बहुधा बर्फासह. केशर, खजुराचा पाक आणि उंटिणीचे दूधही यादीत असते. शुद्धतावादी याकडे नाक मुरडतात. मला त्यात गैर दिसत नाही, कारण याच पेयांच्या विक्रीवर महागड्या बियांची खरेदी उभी असते.

जिथे दोन्ही कॉफी समोरासमोर येतात

गहवा आणि स्पेशालिटी फिल्टर कॉफी यांच्यातील साम्य आश्चर्यकारक आहे. दोन्हींची भाजणी फिकी, दोन्हींत साखर आणि दूध नाही, दोन्हींचा पोत पातळ, दोन्ही पिणाऱ्यांच्या समोर तयार होतात आणि दोन्हींत घाई चालत नाही. युरोपातील गडद एस्प्रेसोवर वाढलेल्या माणसाला फिकी कॉफी पहिल्यांदा आंबट लागते आणि पटत नाही. आजोबांच्या दल्ल्यातली सोनेरी कॉफी लहानपणापासून पिणाऱ्या अमिराती मुलाला ती लवकर जवळची वाटते, असा माझा कयास आहे.

फरक मात्र मुळाशी आहे. स्पेशालिटीचा प्रश्न असतो, ही बी कुठून आली. गहव्याचा प्रश्न असतो, हा पाहुणा कोण आहे. पहिल्यात सर्व प्रयत्न बीची मूळ चव उघडी करण्यासाठी असतात. दुसऱ्यात बी वेलदोड्याच्या आणि केशराच्या सुगंधात मुद्दाम मिसळून दिलेली असते, कारण तिथे बीने नव्हे तर यजमानाने बोलायचे असते. म्हणूनच गहव्याला स्पेशालिटीच्या गुणपत्रिकेवर बसवणे मला अन्यायाचे वाटते. वीस मिनिटे उकळलेली कॉफी 18 ते 22 टक्क्यांच्या चौकटीत बसणार नाही, आणि मसाला घातलेला नमुना तर चाखणारे मुळात स्वीकारणारच नाहीत. याचा अर्थ गहवा हलका आहे असा होत नाही. ती मोजपट्टी दुसऱ्या कामासाठी बनवलेली आहे.

तरीही नव्या भाजणाऱ्यांनी गहव्यासाठी काही चांगले केले आहे. पूर्वी गहव्याची बी बाजारात बहुधा मिसळलेली आणि जुनी मिळे आणि तिचे दोष वेलदोड्याखाली झाकले जात. आता काही भाजणारे एकाच प्रदेशाची ताजी इथिओपियन किंवा येमेनी बी खास गहव्याच्या छटेत भाजून देतात. अशा बीला वेलदोडा कमी लागतो आणि त्याच्या आडून फुलांचा किंवा लिंबाच्या सालीचा वास जाणवतो. आधी सांगितलेली साखळी इथे आड येते. काही ठिकाणी हीच कॉफी कागदी गाळणीतून तीन मिनिटांत करून 'गहवा' म्हणून दिली जाते. ती प्यायला छान असते, पण जाड कूट आणि लांब उकळ सुटल्यामुळे तिचा तो मऊ, काढ्यासारखा पोत येत नाही. रोजच्या घरांत तर विस्तव आणि तीन दल्ले कधीच मागे पडले आहेत. गॅसवर उकळलेला गहवा थर्मासमध्ये भरलेला असतो आणि लग्नघरात, कार्यालयात, दुखवट्याच्या बैठकीतही तोच फिरतो. भांडे बदलले तरी पहिला कप कोणाला, किती भरायचा आणि कोणत्या हाताने द्यायचा, हे नियम थर्मासलाही लागू राहिले आहेत.

अबुधाबीत कसर अल होस्न या जुन्या किल्ल्याच्या परिसरात 'बैत अल गहवा' आहे, तिथे भाजण्यापासून वाढण्यापर्यंतची सगळी रीत समोर बसून पाहता येते. तिथे किंवा कोणा अमिराती घरी गेलात, तर बसल्यावर आधी एक खजूर घ्या, मग उजवा हात पुढे करा. मुकह्वीच्या हातातली इतर फिंजाने एकमेकांवर हलकेच वाजतात, तो आवाज तुमची पाळी आल्याची खूण असतो. पहिला घोट गोड खजुरावर थोडा कडसर आणि तिखट लागेल. दुसऱ्या फिंजानात वेलदोडा मागे सरतो आणि भाजलेल्या बीची चव पुढे येते. म्हणून पहिल्यावर थांबू नका. पुरे झाले की फिंजान हलवा आणि ते खाली न ठेवता त्याच्याच हातात द्या.